कवच आणि सोबती : अ‍ॅक्शन रोल-प्लेइंग गेममधील आत्मरक्षणाचा चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :

संगणकीय खेळ हा समीक्षेचा विषय होऊ शकतो काय, हा प्रश्न आपल्याकडील विद्यापीठीय वर्तुळात आजही काहीशा संकोचाने विचारला जातो. नाटक, चित्रपट व दूरचित्रवाणी मालिका यांना समीक्षेच्या कक्षेत स्थान मिळाले. मात्र ज्या माध्यमात आपले विद्यार्थी रात्रीचे कित्येक तास व्यतीत करतात, त्याविषयी आपण 'वेळेचा अपव्यय' यापलीकडे फारसे बोलत नाही. वस्तुतः या खेळांतही संघर्ष आहे, भय आहे, मृत्यू आहे आणि मृत्यू टाळण्यासाठी माणूस कशाचा आधार घेतो याविषयीची एक निश्चित भूमिकाही आहे. प्रस्तुत लेखात या शेवटच्या मुद्द्याचा विचार करावयाचा आहे.

अ‍ॅक्शन रोल-प्लेइंग गेम या प्रकारात खेळाडू एका पात्राची भूमिका स्वीकारतो, त्या पात्राचा टप्प्याटप्प्याने विकास घडवितो आणि प्रत्यक्ष लढाईही त्याच क्षणी स्वतःच्या हाताने लढतो. येथे जिवंत राहण्याचे दोन प्रमुख आधार असतात : एक, अंगावरील संरक्षण-साधने, म्हणजे चिलखत, शिरस्त्राण व ढाल, आणि दुसरा, सोबत लढणारा साथीदार. 'डायाब्लो २' (२०००), 'डार्क सोल्स' (२०११) आणि 'एल्डन रिंग' (२०२२) या तीन खेळांच्या आधारे या दोन आधारांचे परस्परसंबंध तपासणे, हा या लेखाचा उद्देश आहे. तिन्ही खेळ प्रस्तुत अभ्यासकाने स्वतः खेळलेले असून विवेचन त्या अनुभवावर आधारलेले आहे.

कवच व सोबती : दोन भिन्न वृत्ती

कवच की सोबती, हा पेच आपल्या परंपरेला अपरिचित नाही. महाभारतात कर्णाला जन्मतःच कवचकुंडले लाभलेली होती, तर अर्जुनाने युद्धापूर्वी संपूर्ण नारायणी सेना नाकारून निःशस्त्र कृष्णाची निवड केली. कवच ही स्वतःपुरती मालमत्ता असते; सोबती हा मात्र एक संबंध असतो. कवच मागून घेता येते, हिरावता येते; संबंध जपावा लागतो. हे साम्य फार ताणण्याचे कारण नाही, कारण जपानी वा अमेरिकी खेळकर्त्यांच्या मनात महाभारत नव्हते. तथापि मालमत्ता आणि संबंध हा भेद पुढील विवेचनास उपयुक्त ठरतो.

रसविचाराच्या अंगानेही येथे एक निरीक्षण नोंदविता येते. भरतमुनींनी भय हा भयानक रसाचा, तर उत्साह हा वीररसाचा स्थायीभाव मानला. या खेळांतील संरक्षण-साधनांचे खरे कार्य भयाचे उत्साहात रूपांतर करणे हे होय. साधने अपुरी असली तर केवळ भय उरते आणि खेळाडू खेळ सोडून देतो. ती अतिरिक्त झाली तर भयाबरोबर उत्साहही लोपतो आणि उरतो तो कंटाळा. उत्तम खेळकर्ता या दोहोंमधील अरुंद वाटेवर खेळाडूला चालवत राहतो.

'डायाब्लो २' : आकड्यांचे कवच, भाडोत्री सोबती

ब्लिझर्ड कंपनीच्या 'डायाब्लो २' मध्ये संरक्षण हे मूलतः अंकगणित आहे. चिलखतावर 'डिफेन्स' या नावाने जो आकडा दिसतो, तो घावाची तीव्रता कमी करीत नाही; शत्रूचा घाव मुळात लागेल की नाही, याची शक्यता तो ठरवितो. त्यातही पात्र धावत असताना हा आकडा जणू शून्य होतो. नवखा खेळाडू चिलखताचा मोठा आकडा पाहून निश्चिंत होतो, धावत शत्रूंच्या घोळक्यात शिरतो आणि मरतो. कवच अंगावर असणे व कवचाचा उपयोग होणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हा पहिला धडा खेळ असा शिकवितो.

दुसरा धडा अधिक कठोर आहे. अग्नी, शीत, वीज व विष यांपासूनचे संरक्षण 'रेझिस्टन्स' या टक्केवारीने मोजले जाते व त्याची सर्वसाधारण कमाल मर्यादा ७५ टक्के असते. २००१ साली आलेल्या 'लॉर्ड ऑफ डिस्ट्रक्शन' या विस्तारित आवृत्तीत दुसऱ्या काठिण्यपातळीवर या प्रत्येक टक्केवारीतून ४० व तिसऱ्या पातळीवर १०० वजा केले जातात. म्हणजे जो खेळाडू काल पूर्ण सुरक्षित होता, तोच नव्या प्रदेशात उघडा पडतो. परिणामी खेळाडूचे लक्ष शत्रूवरून हटून साठवणीच्या पेटीवर केंद्रित होते. कथा मागे पडते व हिशेब पुढे येतो.

या हिशेबात सोबतीचे स्थान काय? मूळ खेळात भाडोत्री सैनिक मेला की कायमचा गेला आणि एका अंकातून पुढील अंकात तो येतही नसे. विस्तारित आवृत्तीत तो सर्वत्र सोबत येऊ लागला, त्याला शिरस्त्राण, चिलखत व शस्त्र देता येऊ लागले आणि सोन्याच्या मोबदल्यात त्याला पुन्हा जिवंत करता येऊ लागले. ही सुधारणा सोयीची खरी. पण तिने एक विलक्षण विसंगती निर्माण केली. 'हार्डकोअर' या पद्धतीत नायकाचा एकच मृत्यू अंतिम असतो, तर त्याचा पगारी सैनिक नगरात परतून पैसे मोजताच उठून उभा राहतो. ज्याचा मृत्यू स्वस्त, त्याच्याविषयी ममत्व निर्माण होत नाही.

२००३ च्या १.१० या सुधारित आवृत्तीत 'इनसाइट' नावाची एक शस्त्ररचना आली. ती लांब दांड्याच्या शस्त्रात बसवून दुसऱ्या अंकातील सैनिकाच्या हाती दिली की तिच्या प्रभावाने नायकाची मंत्रशक्ती वेगाने भरून येते. खेळाडू या सैनिकाचे नाव क्वचितच लक्षात ठेवतात. लक्षात राहते ते त्याच्या हातातील शस्त्र. येथे सोबती हा कवचाचाच एक विस्तार झालेला आहे. तो चालता-बोलता साथीदार दिसत असला तरी व्यवहारात ती अंगाबाहेर घातलेली एक वस्तू आहे.

'डार्क सोल्स' : कवचाचे ओझे, सोबतीची किंमत

फ्रॉमसॉफ्टवेअर या जपानी संस्थेचा व हिदेताका मियाझाकी यांनी दिग्दर्शित केलेला 'डार्क सोल्स' हा खेळ या दोन्ही आधारांची पुनर्मांडणी करतो. येथे चिलखताला वजन आहे. पात्राच्या वहनक्षमतेच्या पाव हिस्स्यापर्यंत भार असेल तर ते चपळाईने कोलांटी घेऊन घाव चुकविते; निम्म्याहून अधिक भार झाला की तीच हालचाल जड व संथ होते. ढालीने घाव अडविता येतो. मात्र प्रत्येक अडवलेल्या घावागणिक पात्राचा दम खर्च होतो आणि ढाल उचलून धरली असता तो सावकाश भरतो. जो सतत ढालीआड राहतो, त्याचा दम ऐन क्षणी संपतो व तो उघडा पडतो. 'डायाब्लो २' मधील कवच पेटीत मोजले जाते, 'डार्क सोल्स' मधील कवच शरीराला जाणवते. सुरक्षितता हवी तर गती सोडावी लागते. दोन्ही एकदम मिळत नाहीत.

सोबतीच्या बाबतीत ही देवाणघेवाण अधिक अर्थपूर्ण होते. मदतीस कोणाला बोलवावयाचे असेल तर पात्राने प्रथम 'ह्यूमॅनिटी' खर्चून मानवी रूप धारण करावे लागते. पण मानवी रूपात असताना परके खेळाडू आक्रमण करू शकतात. मदतीसाठी दार उघडले की त्याच दाराने संकटही येऊ शकते. आलेला सोबती आवाजाने बोलत नाही, हातवाऱ्यांनी संवाद साधतो आणि बलाढ्य शत्रू पडताच नाहीसा होतो. बर्फाळ चढावर अडकलेल्या मोटारींना मागच्या अनोळखी माणसांनी ढकलून वर नेले व आभार मानण्याचीही संधी मिळाली नाही, या स्वानुभवातून 'डिमन्स सोल्स' (२००९) या आधीच्या खेळातील सहकार्याची कल्पना सुचल्याचे मियाझाकी यांनी मुलाखतीत सांगितले आहे. अनोळखी माणसाचे ते उपकार या रचनेत टिकून राहिले आहेत.

याचे सर्वोत्तम उदाहरण म्हणजे सोलेअर हे पात्र. स्वतःचा सूर्य शोधत निघालेला हा योद्धा अनेक कठीण लढायांत खेळाडूच्या हाकेला धावून येतो. त्याच्या चिलखतावर सूर्याचे मोठे चिन्ह आहे. ते त्याने स्वतःच्या हाताने रंगविलेले असून त्यात कोणतेही जादुई सामर्थ्य नाही, असे खेळातील वर्णनच सांगते. म्हणजे खेळाडूंच्या स्मरणात सर्वाधिक राहिलेल्या चिलखतांपैकी हे एक, संरक्षणाच्या दृष्टीने सामान्य आहे. पुढे हाच सोलेअर एका प्रकाशमान किड्याला आपला सूर्य समजून भ्रमिष्ट होतो व खेळाडूवरच शस्त्र उगारतो. त्याला वाचविण्याचा एक मार्ग असा की, खेळाडूने एका रोगजर्जर स्त्रीच्या सेवेत ३० 'ह्यूमॅनिटी' अर्पण करून एक बंद वाट उघडावी व तो किडा आधीच नष्ट करावा. जो हे करतो, त्याच्या मदतीस सोलेअर अंतिम लढाईतही येऊ शकतो. 'डायाब्लो २' मध्ये सोबती सोन्याने जिवंत होतो. येथे त्याला वाचविण्यासाठी स्वतःच्या संचितातील काही द्यावे लागते, आणि तेही तो संकटात पडण्यापूर्वी. याच कारणाने त्याचा मृत्यू खेळाडूला बोचतो.

'एल्डन रिंग' : स्वतःचेच प्रतिबिंब

'एल्डन रिंग' मध्ये मृतांच्या रक्षेतून आत्मे पाचारण करण्याची सोय आहे. विशिष्ट स्मारकांच्या परिसरात घंटी वाजवून हे सोबती बोलावता येतात. दुसरा खेळाडू मदतीस असेल तर मात्र ते येत नाहीत. बहुतेक आत्म्यांसाठी मंत्रशक्ती खर्च होते. 'मिमिक टिअर' या आत्म्यासाठी मात्र पात्राला आपली प्राणशक्ती द्यावी लागते, आणि तो खेळाडूचीच प्रतिकृती म्हणून प्रकट होतो : तेच रूप, तेच चिलखत, तेच शस्त्र. येथे कवच आणि सोबती यांतील सीमारेषा पुसली जाते. खेळाडूने स्वतःसाठी निवडलेली साधने हीच सोबत्याची साधने ठरतात. स्वतःच्या तयारीत उणीव असेल तर ती समोर उभी राहून दिसते.

हा सोबती इतका प्रभावी ठरला की मार्च २०२२ मधील १.०३ या सुधारणेत त्याची मारकशक्ती कमी करण्यात आली. त्यापूर्वी व नंतरही खेळाडूंमध्ये एक वाद रंगला : आत्म्याच्या मदतीने मिळविलेला विजय खरा मानावा काय? पदवीच्या वर्गातील काही विद्यार्थ्यांशी या विषयावर बोलताना आढळले की, मदत घेतल्याचे सांगताना त्यांचा स्वर खाली येतो. कवच उत्तम होते, हे सांगताना मात्र कोणालाही संकोच वाटत नाही.

हा संकोच तर्काला धरून नाही, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. चिलखतही दुसऱ्या कोणी घडविलेले असते. लोहाराने ते बळकट केलेले असते व बहुधा ते कोणा मृत योद्ध्याचे असते. वस्तूच्या रूपाने घेतलेली मदत आपण 'स्वतःचे सामर्थ्य' म्हणून खपवितो आणि व्यक्तीच्या रूपाने घेतलेली मदत 'दुर्बलता' ठरवितो. परीक्षेच्या तणावाखाली एकट्याने झुरणाऱ्या, पण मित्राजवळ वा शिक्षकाजवळ शब्द न काढणाऱ्या विद्यार्थ्यांतही हीच समजूत दिसते. खेळाने ती निर्माण केली असे म्हणणे अन्यायाचे होईल. उलट खेळकर्त्याने घंटी खेळाडूच्या हाती दिलेली आहे; ती वाजविण्याची लाज आपण बाहेरून नेतो.

निष्कर्ष :

१. संरक्षण-साधने ही या खेळांत निव्वळ सोय नसून भय व उत्साह यांचा तोल सांभाळणारे रचनातत्त्व आहे.

२. 'डायाब्लो २' मध्ये सोबती वस्तुरूप होतो, 'डार्क सोल्स' मध्ये तो नैतिक जबाबदारी बनतो, तर 'एल्डन रिंग' मध्ये तो खेळाडूचे प्रतिबिंब ठरतो.

३. सोबत्याचे मोल त्याच्या मारकशक्तीवर अवलंबून नसते. त्याच्यासाठी खेळाडूला काय गमवावे लागते, यावर ते ठरते.

४. मदत घेऊन मिळविलेल्या विजयाला कमी लेखण्याची वृत्ती खेळाच्या रचनेतून सिद्ध होत नाही.

कवच माणसाला घावापासून वाचविते, परंतु भयात एकटेच ठेवते. सोबती प्रत्येक घाव अडवू शकत नाही; तरी त्याच्या असण्याने भय वाटले जाते. या माध्यमाची समीक्षा करताना हा भेद ध्यानी घेतला, तर आपले विद्यार्थी रात्री पडद्यासमोर नेमके काय अनुभवतात, हे समजून घेण्याच्या दिशेने एक पाऊल पडेल.