‘थंडेल’: सगळा दोष वादळाचा?

‘थंडेल’ हे तेलुगू नाव ऐकून बिचकू नका. आपल्या कोळीवाड्यातला तांडेल तो हाच, बोटीचा म्होरक्या. चंदू मोंडेटीच्या २०२५च्या या सिनेमात तो श्रीकाकुळमचा राजू आहे (नाग चैतन्य). तिकडच्या किनाऱ्यावर धड जेटी नाही, म्हणून तिथले लोक पार गुजरातच्या वेरावळला, दुसऱ्याच्या बोटीवर मजुरीला जातात. २०१८ मध्ये त्यातले काही पाकिस्तानने पकडले आणि जानेवारी २०२०मध्ये ते वाघ्यावरून परतले. त्यावर ही प्रेमकथा बेतलेली आहे. साई पल्लवीसाठी मी ती पुन्हा बघेन.

खटकतं ते वादळ. बोट वादळात भरकटते आणि हद्द ओलांडते, म्हणजे प्रश्न मिटला! पण मुळात ही हद्द कुठली? कच्छमधली सुमारे ९६ किलोमीटरची सर क्रीक अजून कुणाची ते ठरलेलं नाही. पाकिस्तान १९१४च्या मुंबई सरकारच्या नकाशावर बोट ठेवून रेषा पूर्व काठाला आहे म्हणतो. भारत म्हणतो, खाडीच्या मधोमध. १९६८च्या कच्छ निवाड्यानेही हे सोडवलं नाही. खाडीचं मुखच ठरलेलं नाही, तर पुढे समुद्रातली रेषा कुठून सुरू करणार? मी कोड लिहून पोट भरतो, म्हणून विचारतो: जीपीएसला भरवायला दोघांना मान्य असलेले आकडेच नाहीत, मग यंत्र सीमा दाखवणार कुणाची? त्यात मालकाच्या डिझेलचा खर्च निघायला हवा, म्हणून बोट मासा असेल तिकडे जाते. या हिशोबापाशी सिनेमा फारसा रेंगाळत नाही.

उत्तरार्धात तुरुंग, मारामाऱ्या, देशभक्तीचे संवाद. ३७० कलम हटल्यावर सुटका लांबते, तेवढा धागा मात्र नेमका पकडलाय. कारण खलाशी शिक्षा भोगून झाली की सुटत नाही, दोन सरकारांचा मूड बरा झाला की सुटतो. दर १ जानेवारी आणि १ जुलैला दोन्ही देश कैद्यांच्या याद्या बदलतात. त्यांत पालघरचेही खलाशी असतात. दोघांनीही मान्य केलेल्या सागरी कायद्याचं ७३वं कलम सांगतं की, आर्थिक क्षेत्रातल्या मासेमारीच्या गुन्ह्याला, वेगळा करार नसेल तर, कैद देता येत नाही. नायकाच्या तोंडी हे एक वाक्य आलं असतं तर मी शिट्टी मारली असती.

आणि बोटी? माणसं वाघ्याला उतरतात, जप्त बोटी बहुतेकदा कराचीलाच राहतात.