‘थर्टीन डेज’मधून गाळलेला सौदा

सर्व्हर कोसळला की आमच्या क्षेत्रात नंतर पोस्टमॉर्टेम लिहितात: काय बिघडलं, कुणी काय केलं, कशामुळे सावरलं. पुढच्या वेळी निर्णय घेणारे तेच वाचतात. त्यामुळे ‘कशामुळे सावरलं’ हेच गाळलं, तर पुढच्या माणसाची फसगत ठरलेली.

रॉबर्ट केनेडींचं ‘थर्टीन डेज’ मी याच नजरेने वाचलं. ऑक्टोबर १९६२, क्युबात सोव्हिएत क्षेपणास्त्रं आणि अणुयुद्धाच्या तोंडाशी आलेले केनेडी व ख्रुश्चेव्ह. पुस्तक छोटं, वेगवान आहे. समोरच्याला अब्रू राखून मागे फिरायला वाट ठेवावी, हा त्यातला विचार आजही मोलाचा आहे. पण ती वाट नेमकी कोणती होती, हे सांगताना पुस्तक गुळमुळीत होतं.

२७ ऑक्टोबरच्या संध्याकाळी रॉबर्ट सोव्हिएत राजदूत दोब्रिनिन यांना भेटले. पुस्तक म्हणतं, तुर्कस्तानातल्या अमेरिकी ज्युपिटर क्षेपणास्त्रांचा सौदा शक्य नव्हता. अध्यक्षांना ती तशीही हलवायचीच होती, एवढंच सांगितलं. प्रत्यक्षात तो सौदाच होता, फक्त गुप्त ठेवायच्या अटीवर. एप्रिल १९६३ पर्यंत ज्युपिटर हललीही. पुस्तक १९६९ साली, रॉबर्ट यांच्या हत्येनंतर आलं. ते संपादित करणाऱ्या थिओडोर सोरेन्सन यांनी १९८९ मध्ये मॉस्कोतल्या परिषदेत कबूल केलं, की डायरीत सौद्याचा उल्लेख स्पष्ट होता आणि तो त्यांनीच काढला.

अध्यक्ष केनेडींनी बैठका गुपचूप टेप केल्या होत्या. माझ्या लेखी ते या घटनेचे लॉग. त्यात २७ तारखेला बहुतेक सल्लागार तुर्कस्तानच्या अदलाबदलीला विरोध करतात आणि अध्यक्ष परत परत सांगतात, की लोकांना हा व्यवहार रास्तच वाटेल. पुस्तकात संयमी दिसणारे रॉबर्ट १६ तारखेच्या टेपमध्ये क्युबावर चढाईसाठी एखादं निमित्त घडवता येईल का, हेही विचारतात.

म्हणजे सगळ्यांत अवघड निर्णय होता तो काहीतरी देण्याचा, आणि पुस्तकाने नेमका तोच झाकला. वाचकाच्या हाती उरतं ते एवढंच: ठाम राहा, समोरचा हटेल. अशाच पेचातला उद्याचा नेता हे खरं मानून बसला, तर तो देवाणघेवाणीचा विचारच करणार नाही. पुस्तक जरूर वाचा, पण त्या टेपसुद्धा ऐका.