स्वराविना स्त्रीभूमिका : अण्णा साळुंके यांच्या अभिनयाचा तौलनिक विचार

भारतीय मूकपटाच्या इतिहासात अण्णा साळुंके यांचे नाव बहुधा एका आख्यायिकेपुरते येते. मुंबईत ग्रँट रोडवरील खानावळीत स्वयंपाकाचे काम करणारा हा तरुण दादासाहेब फाळके यांच्या नजरेस पडला आणि चित्रपटात काम करण्यास स्त्री मिळेना म्हणून 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) मध्ये तारामती झाला, ही ती आख्यायिका. तीत साळुंके यांची स्त्रीभूमिका केवळ नाइलाज ठरते आणि अभिनयाचा विचार मागे पडतो.

हे स्पष्टीकरण अपुरे आहे. १९१३ मध्येच फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी भूमिका केल्या होत्या. तरीही 'लंकादहन' (१९१७) मध्ये सीता साळुंके यांनीच साकारली. रामही तेच झाले. या निवडीकडे नाट्यपरंपरेच्या संदर्भात पाहणे आवश्यक ठरते.

मराठी संगीत रंगभूमीवरील स्त्रीभूमिकेचा प्रमुख आधार गळा होता. बालगंधर्वांची नायिका प्रेक्षकांच्या मनात उभी राही ती गायनातून. मूकपटाने हा आधार काढून घेतला आणि स्त्रीत्वाचा सारा भार वेषभूषा, चाल व दृष्टी यांवर आला. दुहेरी भूमिकेने त्याही पुढचे पाऊल टाकले. 'लंकादहन'च्या कथेच्या गाभ्याशी राम-सीतेचा वियोग आहे. त्यामुळे दोघांना एका चौकटीत आणण्याची गरज तेथे कमी, आणि संकलनाच्या बळावर एकच देह क्षणात राम व क्षणात सीता होऊ शकतो. रंगमंचावर वेषांतरास लागणारा वेळ पडद्यावर नाहीसा होतो. लिंगभेद हा येथे देहाचा गुण न राहता दृश्यरचनेचा परिणाम बनतो.

जपानी मूकपटाशी तुलना येथे उद्बोधक ठरेल. काबुकीतील 'ओन्नागाता', म्हणजे स्त्रीभूमिका करणारे नट, तेथेही प्रारंभी पडद्यावर आले. १९२० च्या दशकात त्यांची जागा अभिनेत्रींनी घेतली. परंतु जपानी मूकपटाला 'बेन्शी' या निवेदकाचा स्वर लाभला होता. असाच एक नट तेइनोसुके किनुगासा पुढे दिग्दर्शक झाला. साळुंकेही १९२० च्या दशकात छायाचित्रणाकडे वळले. स्त्रीरूप साकारणारे हे दोघेही अखेरीस कॅमेऱ्याच्या मागे गेले, हे साम्य लक्षणीय आहे.

फरक आहे तो अवशेषांचा. किनुगासाचा 'अ पेज ऑफ मॅडनेस' (१९२६) हरवला होता. १९७१ मध्ये तो त्यालाच सापडला आणि त्याचे पुनर्वाचन शक्य झाले. साळुंके यांच्या अभिनयाचे मात्र त्रोटक अंशच उरले आहेत. 'राजा हरिश्चंद्र'ची उपलब्ध रिळे १९१३ ची की १९१७ च्या पुनर्निर्मितीची, याविषयीही मतभेद आहेत. अशा वेळी आख्यायिका पुराव्याची जागा घेते. ती जागा पुन्हा अभिनयाच्या विचाराला मिळवून देणे, हे समीक्षेचे काम आहे.