खाल्ल्या मिठाला जागताना : काझुओ इशिगुरो

आजचा लेखक इंग्लंडचा आहे, पण सुरुवात आम्ही आपल्या घरातल्या एका वाक्प्रचारापासून करतो. खाल्ल्या मिठाला जागणं हा आपल्याकडे मोठा गुण मानतात. पण मीठ ज्याच्या घरचं, तोच चुकीच्या वाटेने चालला असेल तर? जागणाऱ्याच्या पदरात त्या चुकीचा वाटा पडतो की नाही? काझुओ इशिगुरो चाळीस वर्षं याच प्रश्नाभोवती लिहीत आले, असं आमचं म्हणणं आहे.

आधी चरित्र, थोडक्यात. जन्म १९५४ चा, नागासाकीचा. वडील समुद्रशास्त्रज्ञ. त्यांच्या कामामुळे १९६० साली कुटुंब इंग्लंडमध्ये गिल्डफर्डला आलं. मुलगा तेव्हा पाच वर्षांचा. लवकरच परत जायचं असं घरात ठरलेलं, पण जाणं लांबत गेलं आणि शेवटी राहिलंच. पुन्हा जपान पाहिला तो थेट १९८९ साली. तरुणपणी गाणी लिहायची, गायक व्हायचं, असं वेड होतं. केंट विद्यापीठात त्यांनी इंग्रजी आणि तत्त्वज्ञान शिकलं. म्हणजे आमच्याच विषयाचा विद्यार्थी; थोडा पक्षपात झाला तर सांभाळून घ्या. पुढे लंडनमध्ये बेघर लोकांसाठी काम, ईस्ट अँग्लिया विद्यापीठात लेखनाचं शिक्षण, १९८२ मध्ये पहिली कादंबरी, १९८९ मध्ये बुकर आणि २०१७ मध्ये नोबेल.

बुकर मिळालं ते ‘द रिमेन्स ऑफ द डे’ला. स्टीव्हन्स हा डार्लिंग्टन हॉल या मोठ्या हवेलीचा बटलर. १९५६ च्या उन्हाळ्यात तो नव्या मालकाची गाडी घेऊन प्रवासाला निघतो आणि वाटेत जुने दिवस आठवत जातो. आधीचे मालक लॉर्ड डार्लिंग्टन सज्जन गृहस्थ. पहिल्या महायुद्धानंतर जर्मनीला फार कठोर वागवलं गेलं, या कळवळ्याने ते राजकारणात पडतात आणि हळूहळू नाझींच्या हातचं बाहुलं होतात. एक दिवस हवेलीतल्या दोन ज्यू मोलकरणींना काढून टाकायचा हुकूम सुटतो. स्टीव्हन्स तो बिनबोभाट पाळतो. हाउसकीपर मिस केंटन चिडते, नोकरी सोडीन म्हणते, पण सोडत नाही, जाणार कुठे? पुढे मालकांनाच पश्चात्ताप होतो. मग स्टीव्हन्स तिला सांगतो की त्या वेळी त्यालाही वाईट वाटलं होतं. ती एवढंच विचारते, मग तेव्हाच का नाही सांगितलं?

आता गंमत अशी, की स्टीव्हन्स आपल्याशी खोटं बोलत नाही. घडलेलं सगळं तोच सांगतो. फक्त मोठ्या गोष्टीवरून घाईने पुढे जातो आणि चांदीच्या भांड्यांना पॉलिश कसं करावं यावर रेंगाळतो. सार्त्रने वेटरचं उदाहरण दिलं आहे: माणूस वेटरची भूमिका इतकी चोख वठवतो, की आपण माणूस आहोत आणि निवड करू शकतो हे त्याला विसरता येतं. स्टीव्हन्स याला ‘डिग्निटी’ म्हणतो. आम्ही याला लपायची जागा म्हणू.

हे आम्हाला वरून बोलायचा अधिकार नाही. नीतिशास्त्र आम्ही वर्षानुवर्षं शिकवलं. एका बैठकीत एका तरुण सहकाऱ्यावर उघड अन्याय होत होता, आणि इतिवृत्त लिहायचं काम आमच्याकडे होतं. आम्ही ते लिहिलं. अगदी नेमकं, एकही खाडाखोड नाही. पुढे ते गृहस्थ भेटले तेव्हा आम्ही म्हणालो, आम्हाला तेव्हा फार वाईट वाटलं होतं. ते काही बोलले नाहीत. कादंबरी आम्ही त्यानंतर वाचली.

पण कबुली दिली म्हणजे सुटलो, असंही इशिगुरो म्हणू देत नाहीत. १९८६ च्या ‘अॅन आर्टिस्ट ऑफ द फ्लोटिंग वर्ल्ड’मधला ओनो हा जपानी चित्रकार. त्याने युद्धखोरीच्या प्रचाराची चित्रं काढली, शिष्याबद्दल सरकारला कळवलं. युद्धानंतर मुलीच्या लग्नाच्या बोलणीत तो सगळ्यांसमोर चूक मान्य करतो. आपल्याला वाटतं, हा स्टीव्हन्सपेक्षा बरा. मग थोरली मुलगी हळूच सुचवते, की त्याला एवढं महत्त्वाचं कुणी समजतच नव्हतं. म्हणजे बघा, पश्चात्तापातही मोठेपणा मिरवता येतो. आमची मघाची गोष्टसुद्धा या कसोटीवर घासून घ्या.

आता आक्षेप. पहिल्या तीन पुस्तकांत आपण एकच पुस्तक पुन्हा लिहिलं, असं इशिगुरोंनी स्वतःच म्हटलं आहे. त्यांचे निवेदकही बरेचसे एकाच दबक्या आवाजात बोलतात. आणि ‘क्लारा अँड द सन’मध्ये, म्हणजे २०२१ मध्ये, निष्ठा यंत्राची आहे. ती कारखान्यातच भरलेली. तिथे निवड नाही, म्हणून आमच्या मते प्रश्नाची धार बोथट होते.

मग २००५ च्या ‘नेव्हर लेट मी गो’चं काय? तिथली मुलंही अवयव काढून घेण्यासाठीच वाढवलेली असतात. कॅथी अशा दात्यांची शुश्रूषा करते आणि चांगली शुश्रूषा करण्याचा तिला अभिमान आहे. वाचक हमखास विचारतात, ही मुलं पळून का जात नाहीत? आम्हीही विचारायचो. आता वाटतं, प्रश्न चुकीच्या माणसाला विचारतोय. त्या अवयवांवर जगणारे लोक कादंबरीत जवळजवळ दिसतच नाहीत. क्लाराच्या गोष्टीत जे हरवतं ते इथे टिकतं, कारण जाब इथे मीठ खाणाऱ्याकडून मागितला जातो, आणि ते खाणारे आपल्यासारखेच, चारचौघांसारखे लोक असतात.

एवढं बोलून थांबतो. सुरुवात करायची असेल तर स्टीव्हन्सपासून करा, आणि मिस केंटनच्या त्या प्रश्नापाशी पुस्तक जरा मिटून ठेवा. आता तुमचे प्रश्न घेऊ.