साथ करणाऱ्याची चाल

‘आभाळमाया’च्या शीर्षकगीताची अक्षरं एकदा बोटांवर मोजून पाहावीत. सहा आणि सहा, पुढच्या ओळीत पुन्हा सहा आणि सहा. मंगेश कुळकर्णी यांनी शेवटची मालिकेच्या नावाची साद सोडली तर जवळजवळ सगळं गाणं या सहा अक्षरांच्या तुकड्यांत बांधलंय. बहुतेक तुकड्यांत एकच विधान आहे, तेही तीन शब्दांत उरकलेलं. जीव जडणं, सूर्य बुडणं, रंग उडणं, संग सुटणं अशा माणसाच्या आयुष्यातल्या नेमक्या घटनांना कवी फक्त नाव देतो आणि पुढे सरकतो. गोष्ट सांगत नाही, कुणाची बाजू घेत नाही, कुणाला बोलही लावत नाही.

ही सहा अक्षरांची चाल आपल्या कानाला नवी नाही. मोठ्या अभंगाचे पहिले तीन चरण सहा-सहा अक्षरांचे असतात आणि चौथा चारांचा. ज्ञानेश्वरांचा हरिपाठ याच मापात आहे. आमचं केनवड रिसोड तालुक्यातलं, वाशीम जिल्ह्याचं. शेगावहून पंढरीला निघालेली गजानन महाराजांची पालखी रिसोडवरून जाते आणि सप्ताह बसला की गावोगाव संध्याकाळी हरिपाठ होतो. ज्या कानांवर लहानपणापासून सहा अक्षरांनी टेकायचं वळण पडलंय, त्यांना १९९९ साली अल्फा मराठीवर लागलेल्या एका शहरी, मध्यमवर्गी घराच्या मालिकेचं गाणं परकं वाटलं नाही. त्याचं एक कारण मला या अक्षरगणनेत दिसतं. मालिकेतल्या सुधा जोशीचं मुंबईतलं आयुष्य आमच्या ओळखीचं नव्हतं, पण तिच्या गाण्याचा श्वास ओळखीचा होता.

तो श्वास संगीतकार अशोक पत्की यांनी मोडला नाही. इथेच चालीचं खरं काम आहे. सहा अक्षरांवर शब्द संपले की ते सूरही टेकवतात. दोन विधानांच्या मध्ये क्षणभर मोकळी जागा राहते आणि ऐकणारा तिथे आपलं काहीतरी ठेवतो. एवढ्या लहान गाण्यात जागा मोकळी सोडायला धीर लागतो. एखाद्याने ती बासरीच्या तुकड्याने किंवा व्हायोलिनच्या फराट्याने बुजवली असती आणि गाणं भरगच्चही वाटलं असतं, पण कवीने मुद्दाम तोडलेली विधानं एकमेकांत मिसळून गेली असती. गळा देवकी पंडितांचा आहे. किशोरी आमोणकर आणि पं. जितेंद्र अभिषेकी यांच्याकडे शिकलेल्या या गायिकेला रागाचं दालनच्या दालन उघडून दाखवता येतं. इथे त्या फक्त उंबऱ्यावर उभ्या राहतात. स्वर लावतात, धरतात आणि सोडून देतात. गाण्यातलं दुःख मोठं वाटतं ते या आवरण्यामुळे.

पत्कींनाही अभिषेकींचा सहवास लाभला होता. नाट्यसंगीताच्या कामात ते त्यांचे साहाय्यक होते. सुमन कल्याणपूर यांच्या कार्यक्रमांत त्यांनी वर्षानुवर्षं साथ केली. दुसऱ्यांच्या रेकॉर्डिंगला वादक म्हणूनही वाजवलं. त्यांची कारकीर्द सांगताना लोक हा भाग दोन वाक्यांत आटोपतात आणि पटकन गाजलेल्या गाण्यांच्या यादीकडे वळतात. मला तोच भाग सगळ्यात मोलाचा वाटतो. त्यांच्या चालींत जे जे आवडतं ते मला साथीदाराच्या कानातून आलेलं दिसतं.

साथ म्हणजे काय, हे भजनी मंडळातल्या पेटीवाल्याकडे पाहिलं तरी कळतं. म्हणणारा चढवतो तेव्हा हा पट्टी सांभाळतो. म्हणणाऱ्याचा दम सरला की मागून स्वर भरून त्याची लाज राखतो. आणि तो रंगात आला की स्वतः हळूच मागे सरतो. चित्रपटाच्या स्टुडिओत हीच गोष्ट फार कडक शिस्तीने करावी लागे. ट्रॅक वेगवेगळे करून नंतर जुळवण्याची सोय येण्यापूर्वी गायक, व्हायोलिनचा ताफा, ढोलक-तबला, बासरी, अ‍ॅकॉर्डियन सगळे एकाच वेळी वाजत आणि एकाच टेकमध्ये गाणं पुरं करावं लागे. शेवटच्या ओळीत कुणा एकाचं बोट घसरलं तरी सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून. अशा खोलीत वाढलेला माणूस दुसऱ्याची वेळ आपल्या वेळेपेक्षा मोठी मानायला शिकतो. रेकॉर्डवर नाव येणार नाही हे ठाऊक असूनही त्याला दोन मात्रांचा तुकडा जीव ओतून वाजवावा लागतो.

मराठीत या खोलीतून बाहेर येऊन संगीतकार झालेली आणखी दोन नावं इथे घ्यायलाच हवीत. अनिल मोहिले व्हायोलिनवाले आणि अरुण पौडवाल अ‍ॅकॉर्डियनवाले. दोघं सचिनदेव बर्मन यांचे साहाय्यक होते. मोहिले पुढे लता मंगेशकर यांच्या कार्यक्रमांचे संगीत संयोजक म्हणून नावाजले. अनिल-अरुण या जोडनावाने त्यांनी राजदत्त यांच्या ‘अष्टविनायक’ या चित्रपटाला १९७९ मध्ये संगीत दिलं. त्यात लेकीची पाठवणी करणाऱ्या बापाचं गाणं आमच्या वऱ्हाडातल्या मूर्तिजापूरला जन्मलेल्या वसंतराव देशपांडे यांच्याकडून गाऊन घेतलं. एरवी तानांची बरसात करणारा गळा, आणि तिथे नुसता भरून आलेला. वाद्यांवर आयुष्य काढलेल्या दोघांना वाद्यांनी कुठे गप्प बसायचं ते कळत होतं, म्हणून बापाचा आवाज तसा एकटा ऐकू येतो.

पत्कींकडे परत येतो. साथीदाराच्या कानाची सगळ्यात मोठी परीक्षा १९८८ साली झाली. त्या वर्षीच्या स्वातंत्र्यदिनी दूरदर्शनवरून ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ पहिल्यांदा दाखवलं गेलं. वाशीम जिल्हा व्हायला तेव्हा दहा वर्षं अवकाश होता, केनवड अकोला जिल्ह्यात होतं आणि गावोगाव मोजक्याच घरांवर अँटेना होते. शब्द पीयूष पांडे यांचे, वाद्यवृंदाचं संयोजन लुई बँक्स यांचं, चाल अशोक पत्की यांची. आणि त्या चालीत पं. भीमसेन जोशी यांचाही वाटा मानला जातो, जो पहिल्या आलापापासून कानाला पटतो.

काम अवघड होतं. हिंदी, काश्मिरी, पंजाबी, सिंधी, उर्दू, तमिळ, कन्नड, तेलुगू, मल्याळम, बांगला, असमिया, ओडिया, गुजराती, मराठी अशा चौदा भाषांत तोच एक अर्थ फिरून फिरून यायचा. प्रत्येक भाषेचं अक्षर वेगळ्या लांबीचं, आघात वेगळ्या जागी. तमिळचे जोडून येणारे व्यंजनांचे ठोके आणि बांगलाचे गोल, लांबवलेले स्वर एका साच्यात बसायचे कसे? साचा कडक ठेवला तर भाषा चेंगरते, सैल ठेवला तर गाण्याच्या चौदा चिंध्या होतात.

उत्तर भैरवीत सापडलं. भैरवीचे नेमाचे स्वर रे, ग, ध, नी हे कोमल. पण ठुमरी-भजनाच्या वाटेने गेलं की याच रागात बाराच्या बारा स्वरांना येणं-जाणं मोकळं असतं. त्यामुळे चालीचा कणा तसाच ठेवून तिच्या अंगावरचे दागिने बदलता येतात. बालमुरलीकृष्णांचा स्वर येतो तेव्हा कर्नाटकी कंपन आपोआप शोभून दिसतं. पूर्वेकडे गेलं की तीच ओळ नदीच्या संथ वळणावर येते. मराठी ओळ गुजरातीनंतर, जवळजवळ शेवटी येते, आगगाडीच्या खिडकीत अभिनेत्री तनुजा दिसते तेव्हा. तोवर ऐकणाऱ्याच्या कानात चाल इतकी मुरलेली असते की आपल्या भाषेत ती आली की आतून कुणीतरी हाक मारल्यासारखं होतं. आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. मैफलीत भैरवी शेवटी येते. ती झाली की श्रोते उठतात. इथे भीमसेनजी धबधब्याजवळ उभे राहून भैरवीनेच सुरुवात करतात. जिथे सगळं संपतं तिथून एका देशाचं गाणं सुरू करणं ही मला या रचनेतली सगळ्यात धाडसी गोष्ट वाटते.

सुमन कल्याणपूर यांच्यासाठी केलेल्या भावगीतांत हा कान अगदी जवळून पाहता येतो. अशोकजी परांजपे यांचं ‘केतकीच्या बनी तिथे’ घ्या. ध्रुवपदात मोर नाचतो आणि ढगाला गहिवर आवरत नाही. अंतऱ्यात मात्र शब्दांची ठेवण बदलते. तिथे एक लांब अक्षर, एक आखूड, पुन्हा लांब, पुन्हा आखूड असा गुरू-लघूंचा झोका सुरू होतो. म्हणजे कवीने शब्दांतच झुला बांधून दिलेला आहे. उतावळ्या संगीतकाराने त्यावर आणखी ठेका चढवला असता. पत्की झोका झोक्याच्या गतीने जाऊ देतात. सुमनताईंच्या बारीक, मऊ आवाजाला जोराने रेटलं की तो आपलं सौंदर्य हरवतो. त्यांच्या शेजारी बसून अनेक मैफली वाजवलेल्या माणसाला हे सांगावं लागत नाही. म्हणून या गाण्यात हरकती छोट्या आहेत, शब्दाच्या शेवटी हलकेच वळणाऱ्या. ‘नाविका रे’मध्ये हाकच लांबवलेली आहे. त्या ‘रे’वर गाणं पाण्यावर तरंगतं आणि मग वल्ह्याच्या तालाला लागतं. दोन्ही गाण्यांत संगीतकार मध्ये कुठेच येत नाही, तरी चाल दुसऱ्या कुणाची असती तर गाणं हे राहिलं नसतं.

याच माणसाने जाहिरातींच्या जिंगल्स ढिगाने केल्या, आणि ‘मोरूची मावशी’ या नाटकाला संगीत दिलं. विजय चव्हाण लुगडं नेसून नाचत तेव्हा निव्वळ बोलांच्या, अर्थ नसलेल्या शब्दांवर सगळं नाट्यगृह ठेका धरत असे. ही कामं भावगीतापेक्षा खालची समजण्याची आपल्याकडे सवय आहे. मला ते मान्य नाही. जिंगलला काही सेकंद मिळतात. ध्रुवपद रुजवायला वेळ नाही, अंतरा नाही, वस्तूचं नाव सगळ्यात ठळक स्वरावर यायला हवं आणि पोराटोरांना पहिल्या ऐकण्यात म्हणता यायला हवं. सेकंदांचा हा हिशेब हातात बसला म्हणूनच मालिकांची शीर्षकगीतं इतकी नेटकी झाली. शीर्षकगीत चालू असताना पडद्यावर नावं सरकत असतात, घरात कुणी भाकरी थापत असतं, कुणी गोठ्यातून येत असतं. चित्र न बघणाऱ्यालाही गाण्याने घरात बोलवायचं असतं.

‘वादळवाट’ ही मालिका २००३ मध्ये आली. गीतकार तेच मंगेश कुळकर्णी, संगीतकार तेच. इथे अक्षरं मोजली तर आठ-आठ भरतात. अष्टाक्षरी ही आपल्या मराठी गाण्यांची जुनी, घरगुती वाट. बहिणाबाईंची कितीतरी गाणी याच मापात आहेत. ‘आभाळमाया’ची सहा अक्षरं निवाड्यासारखी टेकतात. ही आठ अक्षरं बोलल्यासारखी पुढे वाहतात. समुद्राकाठच्या वस्तू कवी थोड्या थोड्या करून ओंजळीत देतो, चांदणं देतो, अंगणात चंद्र आणतो. मालिका कोर्टकचेऱ्यांची, सुडाची, रमा चौधरी नावाच्या वकील मुलीच्या लढाईची. गाणं मात्र वादळाबद्दल जवळजवळ बोलतच नाही. पत्कींनी इथेही शब्दांशी भांडण केलं नाही. कथेच्या हाणामारीला साजेसं काही आरडाओरडा करून मांडता आलं असतं. त्यांनी लाटेचा संथपणा घेतला. रोज रात्री कितीही कटकारस्थानं झाली तरी दुसऱ्या दिवशी गाणं लागलं की प्रेक्षक पुन्हा त्या किनाऱ्यावर येऊन बसे. दोन मालिका, एकच कवी, एकच संगीतकार, आणि फक्त दोन अक्षरांच्या फरकाने श्वासाची सगळी जात बदललेली. छंद कळणाऱ्या संगीतकाराखेरीज हे साधत नाही.

राजेंद्र तालक यांच्या ‘अंतर्नाद’ या कोंकणी चित्रपटाच्या संगीतासाठी पत्कींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शास्त्रीय गायिकेच्या आयुष्यावरचा चित्रपट, म्हणजे अभिषेकींच्या सहवासातलं सगळं संचित वापरायची संधी. ‘आई शप्पथ’ या मराठी चित्रपटात सौमित्र यांच्या शब्दांवर साधना सरगम यांच्याकडून गाऊन घेतलेल्या ‘दिस चार झाले मन’मध्ये ते संचित वेगळ्या अंगाने भेटतं. सूर हलका, पण आत रागदारीचा ओलावा. चित्रपटगीतांत त्यांचं मला सगळ्यात आवडणारं गाणं हेच.

ज्यांना या चालींच्या आत शिरायचंय त्यांनी ‘आभाळमाया’ पहिल्यांदा शब्दांसाठी ऐकावं आणि दुसऱ्यांदा शब्द सोडून मागची वाद्यं ऐकावीत. कुठलं वाद्य कधी येतं यापेक्षा कधी थांबतं त्याकडे कान द्यावा. ती थांबणारी माणसं कोण होती, त्या दिवशी त्या स्टुडिओत कुणी काय वाजवलं, याची नोंद आपल्याकडे फार थोड्या गाण्यांची ठेवली गेली आहे. त्या काळातले वादक अजून आपल्यात आहेत. कुणीतरी वही घेऊन त्यांच्याकडे बसलं, एकेक गाणं लावून विचारत गेलं, तर निदान मराठी मालिका आणि चित्रपटांपुरती ती नावं अजूनही लिहून घेता येतील.