संकलकाचे कर्तृत्व आणि समीक्षेची अडचण : होसे साल्सेदो

दिग्दर्शक हाच चित्रपटाचा कर्ता, ही भूमिका समीक्षाव्यवहारात रूढ झाल्यापासून संकलकाचे काम तांत्रिक साहाय्याच्या सदरात जमा झाले. स्पॅनिश संकलक होसे साल्सेदो (१९४९–२०१७) यांची कारकीर्द या भूमिकेची मर्यादा स्पष्ट करते. पेद्रो आल्मोदोव्हार यांच्या १९८० मधील पहिल्या व्यावसायिक चित्रपटापासून २०१६ च्या 'हुलिएता'पर्यंत, ३६ वर्षे हे सहकार्य टिकले. इतक्या दीर्घ सहवासात कोणता निर्णय कोणाचा, हे वेगळे काढणे जवळजवळ अशक्य होते. समीक्षेने मात्र ही अडचण सोडवण्याऐवजी सारे श्रेय एकाच नावावर टाकले.

साल्सेदो यांच्या संकलनाला एकच एक ठसा नाही. 'मुखेरेस आल बोर्दे दे उन आताके दे नेर्व्हियोस' (१९८८) या प्रहसनात दारावरची घंटा, दूरध्वनी आणि पात्रांची ये-जा यांतून गती निर्माण होते; येथे क्षणाचा विलंबही विनोद मारू शकतो. 'तोदो सोब्रे मी माद्रे' (१९९९) या चित्रपटात मुलाच्या मृत्यूनंतर मानुएला माद्रिद सोडते. प्रवासाचा तपशील न देता आगगाडीचा बोगदा आणि त्यानंतर रात्रीच्या बार्सेलोनाचे विहंगम दर्शन जोडलेले आहे. शोकाचे वर्णन टाळून त्याचा अंधार तेवढा प्रेक्षकापर्यंत पोहोचतो. या दोन्ही चित्रपटांसाठी साल्सेदो यांना स्पेनचा गोया पुरस्कार लाभला. तिसरा गोया आगुस्तिन दिआस यानेस यांच्या १९९५ च्या चित्रपटासाठी मिळाला, ही बाब लक्षणीय आहे. गुन्हेगारांच्या पाठलागाची आणि एका उद्ध्वस्त स्त्रीच्या सावरण्याची ती कथा आल्मोदोव्हार यांच्या रंगीत विश्वापासून दूरची आहे. संकलकाची गुणवत्ता एका दिग्दर्शकाची छाया नव्हती, याचा हा पुरावा होय.

संकलनाचे सामर्थ्य किती निर्णायक असते, हे 'लोस आब्रासोस रोतोस' (२००९) या चित्रपटाचे कथानकच सांगते. मत्सराने पेटलेला निर्माता सूड म्हणून दिग्दर्शकाच्या चित्रपटात प्रत्येक दृश्याचा सर्वांत वाईट टेक वापरून तो प्रदर्शित करतो. चित्रण तेच, संवाद तेच, अभिनेत्री तीच. तरीही कलाकृती नष्ट होते. अनेक वर्षांनी, अंध झालेला दिग्दर्शक तिचे पुन्हा संकलन करवून घेतो. कथेतील हा चित्रपट १९८८ च्या प्रहसनाची आठवण करून देणारा आहे. म्हणजे साल्सेदो आपल्याच पूर्वकार्याच्या प्रतिबिंबाला सामोरे जात होते. निवड ही केवळ सफाई नसून निर्मिती आहे, हा विचार येथे कथेच्या गाभ्याशी आहे.

परंतु निवडीत नैतिक जबाबदारीही येते. 'आब्ले कोन एया' (२००२) या चित्रपटात परिचारक बेनिग्नो बेशुद्धावस्थेतील अलिसियावर अत्याचार करतो. ते कृत्य पडद्यावर येत नाही. त्या जागी एका कृष्णधवल मूकपटाची काव्यमय योजना केलेली आहे. ही योजना संयम मानावी की गुन्ह्यावर घातलेले सौंदर्याचे पांघरूण? पुढे अलिसियाचे गर्भारपण उघड झाल्यावर प्रेक्षकाला आपल्या आधीच्या सहानुभूतीचा हिशेब द्यावा लागतो. या विलंबातच दृश्याचा अर्थ दडलेला आहे. मात्र पीडित स्त्रीचे मौन त्या विलंबाने आणखी गडद होते, हा आक्षेपही फेटाळता येत नाही. योजना पटकथेतली असली तरी ती किती काळ पडद्यावर राहावी आणि तिच्यातून कोठे बाहेर पडावे, हे संकलनातच ठरते.

साल्सेदो यांच्या निधनानंतर 'दोलोर इ ग्लोरिया' (२०१९) या चित्रपटाचे संकलन तेरेसा फोन्त यांनी केले. दिग्दर्शक तोच आणि संकलक निराळा, अशी तुलना त्यामुळे प्रथमच शक्य झाली आहे. श्रेयाची वाटणी करण्यापेक्षा काय ठेवले, काय गाळले आणि त्याचा अर्थावर कोणता परिणाम झाला, याची चिकित्सा समीक्षेला अधिक फलदायी ठरेल. संकलकाचे काम दिसत नाही, हे त्याचे यश असेल. समीक्षेलाही ते दिसू नये, ही मात्र समीक्षेची उणीव होय.