‘पुढं काही नाही’ : हर्णेतल्या एका फेरीची समीक्षा

समीक्षा पुस्तकाची करतात, नाटकाची करतात, सिनेमाची करतात. मी इथं दीड तासाच्या एका पायी फेरीची समीक्षा करणार आहे. हसायचं त्यांनी हसून घ्यावं. जिला सुरुवात आहे, शेवट आहे, सांगणारा आहे, ऐकणारा आहे, आणि जिच्यात काय दाखवायचं नि काय गाळायचं हे कुणीतरी ठरवलेलं आहे, ती संहिताच. आणि संहिता म्हटली की तिला जाब विचारता येतो.

दिवाळीनंतर गावी गेलो होतो. हर्णे माझं गाव. पोटासाठी मुंबईला जाऊन पस्तीस वर्षं झाली. बंदरावर एका टपरीला पाटी लावलेली : ‘शूटिंगच्या जागा बघा. गाइडसह. माणशी तीनशे.’ म्हटलं, बघू तरी. ज्या गावात वाढलो त्या गावाची गोष्ट आता कशी सांगतात ती ऐकू. तीनशे रुपये मोजले. पुण्याची दोन कुटुंबं, ठाण्याचं एक नवं जोडपं आणि मी. वहीत नावं लिहून घेतली. सगळ्यांनी नाव-आडनाव सांगितलं. मी नुसतं नाव सांगितलं. ही गोष्ट ध्यानात ठेवा, तिच्याकडे परत यायचं आहे.

गाइड वीस-बावीस वर्षांचा पोरगा. बोलायला चटपटीत. त्याची रीत अशी : मोबाइलवर सिनेमातलं दृश्य दाखवायचं, सगळ्यांना एका ठरावीक दगडावर उभं करायचं आणि म्हणायचं, “आता समोर बघा.” मोबाइलमधला माड आणि समोरचा माड जुळला की मंडळी खूश. हिरो उभा राहिला त्या जागी एकेकानं उभं राहून फोटो काढायचा. मग पुढची जागा. बंदर, फत्तेगड, कनकदुर्गावरचं दीपगृह, गोवा किल्ल्याची तटबंदी, मग माडांच्या आगरातून जाणारी पाखाडी.

सिनेमांची आणि मालिकांची नावं मी मुद्दामच देत नाही. एकाच्या जागी दुसरं नाव घातलं तरी फेरीत काडीचा फरक पडत नाही. सगळ्यांत कोकण तेच. लाल चिऱ्यांचं घर, शेणानं सारवलेलं अंगण, तुळस, झोपाळ्यावरचे आजोबा आणि मुंबईहून आलेला नातू. झोपाळा टांगायला माजघर लागतं. ज्यांना माजघरच नव्हतं त्यांचं कोकण या पडद्यावर कुठं आहे?

समुद्रातला सुवर्णदुर्ग पोरानं एका वाक्यात उरकला : १७५५ साली इंग्रजांच्या कमोडोर जेम्सनं तुळाजी आंग्र्यांकडून तो घेतला. वाक्य खरं आहे. पण त्याला चिकटूनच पुढचं वाक्य आलं, “आणि ह्या इथं हिरॉईन बसली होती.” दोन्ही वाक्यांचं वजन सारखं.

बंदरावर त्यानं एक किस्सा सांगितला, हसत हसत. एका शूटिंगवाल्यांना हर्णेचा मासळीचा लिलाव हवा होता. हा लिलाव रोजचा. होड्या येतात, मासळी किनाऱ्यावर ओतली जाते, ढिगाभोवती कोंडाळं पडतं, बोली चढते. पण कॅमेऱ्याला तो चालेना. गोंगाट फार, माणसं मधे मधे येतात, वासही मारतो. मग त्यांनी काय केलं? त्या दिवशी खरा लिलाव लांब सरकवला. कोळणींना दिवसाची मजुरी देऊन बसवलं, धुतलेल्या टोपल्या आणल्या आणि लिलावाचं शूटिंग केलं. मंडळी खो खो हसली. मीही हसलो. रात्री अंथरुणावर पडल्यावर मात्र त्यातलं हसू गेलं. लिलाव थांबवून लिलाव दाखवला! गाव बाजूला सारून गाव दाखवलं!

‘लोकेशन’ या शब्दाचा अर्थ मला त्या रात्री लागला. गावाचं लोकेशन व्हायचं तर गावातली माणसं आधी चौकटीबाहेर काढावी लागतात. मग परवानगी घेऊन, नवे कपडे घालून त्यातली थोडी आत घ्यायची. चौकट ही काही लाकडाची निर्जीव पट्टी नव्हे. कुणाला आत घ्यायचं नि कुणाला वेशीबाहेर ठेवायचं, हे आपल्या गावगाड्यानं हजारो वर्षं ठरवलंय. कॅमेऱ्याची चौकट त्याच गावगाड्याच्या बोटाला धरून चालायला शिकली. फेरी तिच्या मागून चालते. सिनेमानं गाळलेलं फेरीही गाळते. वर जे गाळलं ते नव्हतंच, असा शिक्काही मारते.

कुणी म्हणेल, आता आपली माणसं कॅमेऱ्याच्या मागं आलीत की. आलीत, आणि त्यानं फरक पडलाय. २०१४ साली नागराज मंजुळेंचा ‘फँड्री’ आला. डुकराच्या मागं धावणारं कुटुंब शाळेतलं राष्ट्रगीत ऐकून जागच्या जागी थांबतं. मारलेलं डुक्कर बांबूला टांगून नेतात तेव्हा मागं शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब आणि इतर थोरांची चित्रं दिसत राहतात. भिंत साधी, कुठल्याही गावातली. तिथं कॅमेरा कुठं ठेवायचा हे ज्याला कळलं त्यानं ती भिंत भोगलेली आहे. शेवटी जब्या दगड मारतो तो थेट आपल्याकडे येतो. त्या दगडाची जागा कुठल्या गाइडला दाखवता येईल? दगड गावात पडलेलाच नाही. तो खुर्चीवर बसलेल्याच्या कपाळावर पडलाय.

पण त्याच मंजुळेंच्या ‘सैराट’चं काय झालं तेही बघा. २०१६ साली सिनेमा आला आणि करमाळा तालुक्यातल्या जागा बघायला लोक गाड्या करकरून निघाले. आर्ची-परश्या भेटले ते झाड, ती विहीर, ते पाणी. सिनेमाचा शेवट कुठं होतो? हैदराबादेतल्या एका घरात, दोन प्रेतांशी, आणि रक्तात भरलेल्या पावलांनी बाहेर पडणाऱ्या लेकराशी. त्या खोलीच्या उंबऱ्यावर उभं राहून कुणी हसरा फोटो काढल्याचं मी ऐकलं नाही. झाड घेतलं, शेवट टाकला. ज्या सिनेमानं जातीच्या खुनाकडे बोट दाखवलं त्याच्यातूनही लोकांनी सहलीपुरता तुकडा कापून घेतला. दिग्दर्शक आपला असला तरी बघ्याची नजर आपोआप बदलत नाही, हे आपण लिहिणाऱ्यांनीही ओळखून असावं. आपल्या आत्मकथांचंही असंच झालंय. भूक वाचतात, हळहळतात, आणि भूक कुणामुळे ते पान उलटतात.

उलट बाजूही सांगतो. २०१८ साली पा. रंजितनं ‘काला’ काढला. गोष्ट धारावीची, पण त्या धारावीचा मोठा भाग चेन्नईत सेट लावून उभा केलेला. अस्सल जागा मोजणारा म्हणेल, खोटं. इकडे खऱ्या धारावीत पैसे घेऊन पाहुण्यांना गल्ल्या दाखवायचा धंदा कित्येक वर्षं चाललाय, २००८ च्या ‘स्लमडॉग मिलिऑनर’नं त्याचं गिऱ्हाईक वाढवलं. आता सांगा, धारावी कुणी जास्त पाहिली? गल्लीतून चालून गेलेल्यानं, की जमीन कुणाची हा सवाल लाकडी सेटवर उभा करणाऱ्यानं? नुसती जागा खरी असून भागत नाही. तिथं कोण राहतं, कुणाच्या हुकमानं राहतं, हे विचारल्याशिवाय खरी जागासुद्धा सेटच असते.

आता फेरीच्या शेवटाकडे येतो. पाखाडी उतरून आम्ही वहाळापाशी आलो. वहाळावर साकव आहे. साकवापलीकडे पायवाट चढते, दोन वळणं घेते आणि आमची वाडी लागते. वाडीत विहार आहे, निळा झेंडा आहे, वीस-बावीस घरं आहेत, त्यातली निम्मी मुंबईच्या कुलपांची. पोरगा साकवावर थांबला. तोंड आमच्याकडे, पाठ वाडीकडे. म्हणाला, “फेरी संपली. पुढं काही नाही.”

पुण्याच्या एका बाईंनी विचारलं, “वर घरं दिसतायत ना?”

“नाही मॅडम, तिकडं बघण्यासारखं काही नाही.”

मी त्याच्याकडे बघत होतो आणि त्यानंही माझ्याकडे बघितलं. त्याची नजर खाली गेली. तेव्हा मला कळलं. नाक तेच, बोलताना मान कलती करायची सवय तीच. माझ्याबरोबर शाळेला चालत येणाऱ्या एका दोस्ताचा तो नातू. तो आमच्याच वाडीतला.

माझ्या आजानं याच बंदरावर टोपल्या वाहिल्या. मासळी दुसऱ्याची, पाठ त्याची. पुढं याच बंदरावरून आगबोटीनं तो मुंबईला गेला. पडावात बसून आगबोटीपर्यंत जाताना त्याला टोकाला बसवलं, हे तो मरेपर्यंत सांगायचा. माझ्या घरचीच गोष्ट नव्हे ही. दापोलीजवळ वणंद गाव आहे, रमाईचं. रमाईचे वडील भिकू धोत्रे दाभोळच्या बंदरातून मासळीच्या टोपल्या बाजारात पोचवायचे. दाभोळ आमच्याच तालुक्याचं. त्या टोपलीवर वाढलेली पोर मुंबईला गेली आणि तिचं लग्न भीमरावांशी लागलं ते भायखळ्याच्या बाजारात, रात्री, बाजार उठल्यावर. ओट्यांची बाकं झाली, पायाखाली गटाराचं पाणी. २००० साली जब्बार पटेलांचा ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ आला, मामुटीनं बाबासाहेब केले, सोनाली कुलकर्णीनं रमाई केली. आपण डोळे पुसत पाहिला. पण दाभोळचं बंदर ते भायखळ्याचा बाजार ही वाट कुठल्या फेरीत आहे?

दापोलीच्या कॅम्पात बाबासाहेबांचं बालपण गेलं. त्याच दापोलीत पलटणीतून पेन्शन घेऊन आलेल्या गोपाळबाबा वलंगकरांनी १८८८ साली ‘विटाळ विध्वंसन’ लिहून धर्ममार्तंडांना सवाल टाकले. बाबासाहेबांचं मूळ गाव आंबडवे शेजारच्या मंडणगड तालुक्यात. आणि साकवावर उभा राहून आमचा पोरगा सांगतो, पुढं काही नाही!

आपली माणसं जागा बघायला जात नाहीत असं थोडंच आहे? चैत्यभूमीला जातो. महाडला चवदार तळ्यावर जातो. तिथं १९२७ च्या २० मार्चला ओंजळभर पाणी प्यायलं गेलं, ते नाटकातलं पाणी नव्हतं. तिथं आपण चौकट जुळवायला जात नाही. कुणीतरी तिथं खरं काही केलं, त्याचं देणं आपल्या अंगावर आहे, म्हणून जातो. या दोन प्रकारच्या चालण्यात फरक आहे. तो फरक सांगणं हे समीक्षेचं काम. माझ्या लेखी या फेरीचा निकाल असा : मांडणी नेटकी, सांगणारा गुणी, आणि आशय साकवावर येऊन मेलेला.

इथं लेख संपवता आला असता. पोराला दोन शिव्या घातल्या असत्या, ‘स्वाभिमान विकला’ असं लिहिलं असतं आणि टाळ्या घेतल्या असत्या. पण पाहुणे गेल्यावर तो माझ्यामागून आला.

“काका, वळखलं मी तुमाला.”

“मग असं का बोललास?”

तो गप्प राहिला. मग म्हणाला, “पयल्या वर्षी मी वाडीत नेत होतो. विहार दाखवायचो. आमच्या आयेच्या हातचं जेवण ठेवलं व्हतं, भाकरी नि सुक्याचं कालवण. एका पार्टीनं बुकिंग केलं, वाडीत आली, झेंडा बघितला नि म्हणाली, आज उपास हाय. दुसरी पार्टी म्हणाली, पोटात गडबड हाय. तिसऱ्या वेळेला आयेनं चूलच पेटवली नाय. काका, मी साकवावर थांबतो तो पायजे म्हणून थांबत नाय.”

मी काय बोलणार? उपासाचं कारण देणाऱ्याचा राग या पोरावर काढणार होतो मी. आणि तो पुढं म्हणाला ते अजून उतरत नाही. “तुमी तरी वहीत आडनाव कुठं सांगितलंत?”

मित्रांनो, मी या पानांवर नकाराबद्दल लिहिलंय, विद्रोहाबद्दल लिहिलंय. आणि आपल्याच गावच्या बंदरावर, पुण्याच्या चार माणसांदेखत, माझी जीभ आडनावाशी अडली. त्याचा साकव वहाळावर आहे. माझा घशात आहे. त्याच्या थांबण्यामागं निदान आईची न पेटलेली चूल होती. माझ्यामागं काय होतं?

त्या संध्याकाळी त्याच्या आईनं मला जेवायला घातलं. दुसऱ्या दिवशी मी परत टपरीवर गेलो, तीनशे रुपये ठेवले आणि वहीत नाव लिहिलं, पूर्ण. मुंबईहून आलेलं एक कुटुंब होतं. साकवावर पोरगा थांबला. सवयीनं त्याचं तोंड उघडलं. मी म्हटलं, “मला पुढं जायचंय. माझं घर आहे तिकडं.” त्यानं माझ्याकडे बघितलं, मग पाहुण्यांकडे. म्हणाला, “पुढं आमची वाडी हाय. याचं तर या.”

दोघं आले. तिघं साकवावरच थांबले.